कुंडी हलवू नये

अण्णा, तुळस फार छान आली आहे. ऑकलंडच्या वाऱ्यात तुळस जगवणं हे काय दिव्य असतं ते तुम्ही पाहिलं आहे. तुम्ही इथे होतात तेव्हा माझ्या ओळीने तीन तुळशी गेल्या, आणि तिसऱ्या खेपेला तुम्ही म्हणालात की नीलिमाबाई, आता चौथीला तरी अभय द्या. ही ती चौथी. माझ्या कमरेला लागते, मंजिऱ्यांनी वाकली आहे, आमच्या वस्तीत, अवोन्डेलमधल्या चार घरांत तिची रोपं गेली आहेत. ती ज्या कुंडीत आहे ती कुंडी तुमची. हे तुम्हाला सांगायचं राहिलं. तेवढंच सांगायला बसले आहे आणि नेहमीसारखी लांबून सुरुवात केली आहे.

तुम्हाला जाऊन आज एकवीस दिवस झाले. माझा पासपोर्ट नेमका व्हिसाच्या शिक्क्यासाठी गेलेला, म्हणून तुमचा मुलगा मिलिंद एकटा आला आणि मी सून इथे लेकीचे, ईशाचे, डबे भरत राहिले. तेराव्याला पुण्याहून फोन आला, सगळे जमले होते, स्पीकर लावला होता. कुणीतरी म्हणालं, नीलिमाला सांगू दे अण्णांची एखादी गोष्ट. घरात गोष्टी सांगायचं काम माझ्याकडेच ना. बारसं असो, डोहाळजेवण असो, मी उभी राहिले की लोक आधीच हसायला लागतात. मी तुमची विमानतळाची गोष्ट सांगितली. अधिकाऱ्याने विचारलं, आजोबा, सामानात बिया, माती, किडे असं काही आहे का, आणि तुम्ही गंभीरपणे म्हणालात, नाही, पण तुमच्याकडे असले तर बघायला आवडतील. मग चिवड्याचं पाकीट उघडून दाणे मोजले त्यांनी. पुण्यात सगळे हसले, मीही हसले. फोन ठेवला आणि स्वयंपाकघरातल्या फरशीवर बसून राहिले, कारण खरी सांगायची गोष्ट ती नव्हतीच.

खरी गोष्ट सफरचंदाच्या झाडापासून सुरू होते. ईशा झाली त्या वर्षी लावलेलं, हिरव्या आंबट सफरचंदांचं आपलं मागच्या अंगणातलं झाड. तुम्ही आलात त्या जानेवारीत त्याच्या पानांच्या कडा कुणी नक्षीच्या कात्रीने कातराव्यात तशा दिसायला लागल्या. मी दुकानातून फवारणीची बाटली आणली. तुम्ही जॅण्डल्स, म्हणजे इथल्या रबरी चपला, आणि माकडटोपी अशा वेषात झाडापुढे आडवे उभे राहिलात.

"आधी ओळख, मग मारामारी," म्हणालात.

ओळख करून घ्यायला तुम्ही माझी पाहुण्यांसाठी ठेवलेली पांढरी चादर झाडाखाली अंथरलीत, काठीने फांदीला दोन टोले दिलेत, आणि चादरीवर तपकिरी काहीतरी टपाटपा पडलं. मी वाकून बघितलं आणि ओरडलेच की अहो, हे तर तांदळातले सोंडे. तुम्ही म्हणालात, तांदळातल्या सोंड्यांची ही मोठ्या घरची आत्या. नखाएवढी, राखाडी-तपकिरी, कुशीला फिकट पट्टा, सोंड आखूड आणि बोथट. सगळ्या पाय पोटाशी घेऊन पडलेल्या. मी म्हटलं, मेल्या की. तुम्ही मनगटावरचं घड्याळ काढून हातात घेतलंत आणि मला गप्प बसायची खूण केलीत. दोन मिनिटं गेली. मग एकीने एक पाय सोडला, मग दुसरा, मिशी हलवली आणि काही घडलंच नाही अशा थाटात चादरीच्या काठाकडे चालायला लागली. तुम्ही इतके खूश झालात की मला वाटलं आता टाळ्या वाजवताय.

त्यानंतर आपलं घर घर राहिलं नाही. तुम्ही ईशाला घेऊन वाचनालयातून जाड जाड पुस्तकं आणलीत आणि जेवताना आम्हाला वाचून दाखवलीत. पंख पाठीवर चिकटलेले, त्यामुळे उडता येत नाही, खोडावरून पायी वर चढते. "या गावात गाडी नसलेले आम्ही दोघंच, मी आणि ही," हे तुम्ही पाहुण्यांपुढे किमान सहा वेळा ऐकवलंत. आणि सगळ्या माद्या. नर नाहीतच. अंडी नराशिवाय फळतात. हे वाचून तुम्ही चष्म्यावरून मिलिंदकडे बघितलंत आणि म्हणालात, बघ रे, आपण दोघं उगाच बसलोय.

ही कुठून आली यावरून आपलं जे वाजलं ते अजून मिटलेलं नाही. तुमचं म्हणणं, मी पाच वर्षं गणपतीचं निर्माल्य त्या झाडाच्या बुंध्याशी घालतेय, कचऱ्याच्या डब्यात टाकवत नाही म्हणून. लोकांच्या बागांतले गुलाब, पानं, दुर्वांबरोबरची माती, त्यातून ही आली. माझं म्हणणं, कुंपणापलीकडच्या जोनच्या गुलाबांवरून चालत आली. तुम्ही म्हणालात, चालत येईल पण फुलांच्या पुड्यातून आली तर तिला सोपं पडेल. मी म्हटलं, देवाच्या नावाने काहीही खपवू नका. चार दिवस मी तुम्हाला चहात साखर कमी घातली. आता मान्य करते, अण्णा. निर्माल्यातूनच आली असणार. घ्या, जिंकलात. हे तुम्ही समोर बसलेले असताना म्हणायला काय झालं होतं मला?

त्यांतली एक तुम्ही लोणच्याच्या रिकाम्या बाटलीत ठेवलीत, तोंडाला जाळी बांधून. ईशाने आधी नाक मुरडलं, "आजोबा, दॅट्स ग्रोस," आणि दोन दिवसांनी तिनेच नाव ठेवलं, शर्ली. तुम्ही शर्लीताई म्हणायला लागलात. ताईंना रोज ताजं पान. आणि अंडी घालायला जागा, कारण पुस्तकात लिहिलं होतं की हिला चिंचोळी फट लागते, सालीतली किंवा फळाच्या देठाशेजारची. तुम्ही माझ्या पर्समधून फोनची दोन संपलेली कार्डं काढलीत, डेअरीतून, म्हणजे कोपऱ्यावरच्या दुकानातून, आणतो ती, आणि एकावर एक ठेवून रबरबँडने बांधून बाटलीत उभी केलीत. नवव्या दिवशी कार्डं उघडली तर आत राजगिऱ्याच्या दाण्यांसारखी पिवळसर अंडी, एकमेकांना डिंकाने चिकटवल्यासारखी. माझ्या आईला फोन करून करून संपवलेल्या त्या कार्डावर. तुम्ही मला हाक मारलीत तेव्हा तुमचा आवाज कापत होता.

तेव्हा मला कळलं नव्हतं की हा निवृत्त मास्तरांचा विरंगुळा नाही. ते कळलं जूनमध्ये, तुम्ही परत निघालात तेव्हा. तोवर अंड्यांतून स्वल्पविरामाएवढ्या अळ्या निघाल्या होत्या, बिनपायाच्या, पांढऱ्या, वाकड्या. तुम्ही त्या एका कुंडीत सोडल्यात, गवताचं ढेकूळ लावून, मुळं खायला. आता हिवाळाभर खाली राहतील, म्हणालात, आयुष्याचा मोठा भाग ती जमिनीतच काढते, वर येते ती शेवटचे चार महिने. उन्हाळ्यात कोश, मग बाई बाहेर. कुंडी गॅरेजच्या आडोशाला ठेवलीत, वर जाळी बांधलीत, आइस्क्रीमच्या काडीवर बॉलपेनने लिहून खोचलीत, "कुंडी हलवू नये." विमानतळावर मी पाया पडले तेव्हा आशीर्वाद देता देता मध्येच थांबलात.

"अडतीस वर्षं फळ्यावर ते वर्तुळ काढलं मी. अंडी, अळी, कोश, कीटक, आणि चार बाण. स्वतःच्या डोळ्यांनी एकदाही पुरं झालेलं पाहिलं नाही. तू बघ, आणि आली की मला सांग."

मी हो म्हटलं. हो म्हणायला मला कधीच वेळ लागत नाही.

मग नोव्हेंबर आला. तुळशीचं लग्न शनिवारी होतं, घरी वीस माणसं यायची होती आणि घरात नवरीच नव्हती. टौरंगा गावच्या सुलभाताईंनी रोप दिलं, त्यांच्या यजमानांचं किवीफळांच्या बागांत काम, त्यामुळे त्यांना झाडांतलं कळतं असं आम्ही सगळ्या धरून चालतो. त्यांनी बजावलं, रोप तशाच मातीत लावू नकोस गं, या मातीत अळ्या असतात, मुळं कुरतडतात, आधी उकळतं पाणी ओत. मी घरी आले. गॅरेजमागे एक कुंडी होती, तिरपी, जाळी केव्हाच वाऱ्याने गेलेली, गवत वाळून पिवळं पडलेलं. मिलिंदने गवत कापताना ती सरकवली होती. मी मनाशी म्हटलं, बरं झालं, रिकामीच आहे. इथे किटलीला जग म्हणतात. मी जग लावला. एक जग ओतला. पुरेल की नाही म्हणून दुसरा लावला आणि तोही ओतला. मी कामाला हात घातला की अर्धवट करत नाही, हे तुम्हीच चारचौघांत सांगायचात.

माती निवल्यावर खुरपं घातलं आणि आधी ती काडी वर आली. "हलवू नये" एवढंच वाचता येत होतं. मग त्या आल्या. शिजलेल्या भाताच्या शितांसारख्या. सात. आणि दोन तर कोशात गेल्या होत्या, अण्णा. पाय छातीशी दुमडलेले दिसत होते, डोळ्यांच्या जागी काळे ठिपके उमटले होते. गवत वाळलं होतं ते पाण्यावाचून नव्हे, या मुळं खाऊन खाऊन धष्टपुष्ट झाल्या होत्या म्हणून. तुमचं सगळं बरोबर चाललं होतं, आणि मी त्यालाच रिकामी कुंडी समजले.

मी काय केलं सांगू? त्यातच तुळस लावली. लग्न शनिवारी होतं म्हणून, आणि ती माती माझ्या डोळ्यांपुढून जायला हवी होती म्हणून. कुंडीला गेरू लावला, चुन्याची बोटं काढली. सुलभाताई म्हणाल्या, किती सुरेख सजवलीस. मंगलाष्टकं म्हणताना माझी नजर कुंडीवरून हलेना तर सगळ्यांना वाटलं मी भाविक आहे.

दर रविवारी दुपारी चारला तुम्हाला फोन लावायचा, म्हणजे पुण्यात साडेआठ, तुमचा दुसरा चहा. त्या रविवारी तुम्ही विचारलंत, कुंडी कशी आहे? मी म्हटलं, ठीक आहे. सांगणारच होते. पुढच्या रविवारी नक्की. पुढच्या रविवारी तुम्ही म्हणालात की सकाळच्या फिरण्याच्या मंडळींना सगळं सांगितलंय, रोज विचारतात, न्यूझीलंडची बाई आली का. मिलिंदच्या आई गेल्यापासून तुमच्या आवाजात असं काही मी ऐकलं नव्हतं. मग कसं सांगायचं? दर रविवारी, डिसेंबर, जानेवारी. आली का? अजून नाही. आली का? अजून नाही, अण्णा, यंदा थंडी लांबलीय ना. हे थंडीचं माझं मीच घातलं. तुम्ही ते वहीत लिहून घेतलंत. फोनमधून मला पेन्सिलीचा आवाज आला.

आणि मग तुम्ही स्वतःची चूक शोधायला लागलात. हे मात्र माझ्या डोक्यात आलंच नव्हतं. मला वाटलं होतं, कंटाळाल, विसराल. पण तुम्ही एका रविवारी म्हणालात, अंडी मी जरा ओली ठेवली का गं? दुसऱ्या रविवारी, कुंडी उथळ घेतली मी, त्यांना खोल लागतं. तिसऱ्या रविवारी पुन्हा अंड्यांवर आलात. जन्मभर पोरांच्या वह्यांतल्या चुका काढलेला माणूस स्वतःची वही घेऊन बसला होता, आणि बरोबर उत्तर माझ्याकडे होतं, आणि मी रिसीव्हर धरून उभी होते. तेवढ्यात फोनकार्डातली ती रेकॉर्ड केलेल्या आवाजाची बाई म्हणाली की आपलं एक मिनिट उरलं आहे. मी मनातल्या मनात तिचे आभार मानले. इतकी मी खाली गेले होते.

एकदा तर ठरवलंही होतं की झाडावरची एखादी धरायची आणि आली म्हणून सांगायचं. तुम्हाला काय कळणार होतं? तुम्ही आनंदाने ओरडला असता. पण मग वाटलं, तुम्ही विचाराल, किती वाजता आली, मातीतून वर येताना पाहिलीस का, रंग फिका होता का. माझी गोष्ट सांगायची सगळी हुशारी तिथे आटली. मला धड खरं बोलता आलं नाही आणि धड खोटंही. पंचवीस वर्षं लोकांना गोष्टी सांगून हसवते, आणि ज्या एका माणसाला एक वाक्य सांगायचं होतं त्याच्यापुढे तोंड उघडलं नाही.

शेवटच्या रविवारी तुम्ही विचारलंत आणि मी नाही म्हटलं. तुम्ही म्हणालात,

"असू दे. पुढच्या वर्षी येतो मी. आपण दोघं पुन्हा लावू."

मी म्हटलं, या ना, अण्णा. बुधवारी मिलिंदला ऑफिसात फोन आला. सकाळी फिरून आलात, बूट काढायला खुर्चीत बसलात, आणि एक बूट काढायचा राहिला.

तेव्हापासून मी काय काय करून बसले ते ऐका, हसाल. तुळस उपटून टाकायची म्हणून हातमोजे घालून गेले, आणि उपटायच्या ऐवजी तिला पाणी घालून आले. जोनला कुंपणावरून सगळं सांगायला गेले, इंग्रजीत, आणि माझ्या सासऱ्यांचे किडे मी उकळले असं वाक्य तयार झालं. ती बिचारी म्हणाली, ओह डार्लिंग, आय हेट देम टू. मिलिंदला अजून सांगितलेलं नाही. तो पोरका झालाय, त्याला मी आणखी काय देऊ?

परवा त्याने बॅगेतून तुमची वही काढून दिली. म्हणाला, तुझ्यासाठीच होती ही, वर नाव आहे. चारशे पानी, खाकी कव्हर, आत शर्लीताईंचं चित्र, ईशाने रंगवलेलं. सगळे रविवार आहेत. तारीख आणि पुढे माझं उत्तर, माझ्याच शब्दांत. अजून नाही. अजून नाही. थंडी लांबली (नीलिमा). शेवटच्या पानावर शिक्षकाच्या त्या गोल, सरळ अक्षरात, "आता येणार नाही. अंडी ओली राहिली असणार. चूक माझी."

तुमची नव्हती हो. तुमची नव्हती. मी हे घरात मोठ्याने म्हटलं, ईशा खोलीतून बाहेर आली, म्हणाली, मम, हू आर यू टॉकिंग टू? मी म्हटलं, आजोबांशी. ती शेजारी बसली. तुमची वाक्यं तिला वाचता येत नाहीत, म्हणून मी तिला वाचून दाखवली, आणि मग कुंडीचं सांगितलं. हे ऐकून समजणारी ती पहिली. मग म्हणाली, राईट इट डाऊन देन, आजोबा वुड वॉन्ट द डेटा.

म्हणून तुमच्या ओळीखाली मी लिहिलं आहे. पेन्सिलीने नाही, शाईने. "अंडी ठीक होती. कुंडीही पुरेशी खोल होती. सात अळ्या, दोन कोश. उकळतं पाणी, दोन जग. नीलिमा." लिहिल्यावर मोकळं वाटेल असं वाटलं होतं. नाही वाटलं. तुमचं वर्तुळ पाऊण पूर्ण झालं होतं, अण्णा, तीन बाण तुम्ही मिळवले होते, आणि ते तुम्हाला कळलं नाही. आता हे वाचून दाखवायला मी कुठे जाऊ? ज्याला चूक कबूल करायची तोच नसेल तर त्या कबुलीचं करायचं काय, हे मला कुणी सांगत नाही. शाळेत निदान वही तपासून परत मिळायची.

आज सकाळी ईशा शाळेत गेल्यावर ती चादर काढली, तीच, पाहुण्यांची. झाडाखाली अंथरली. तुमची काठी इथेच राहिली होती, त्या काठीने खालच्या फांदीला दोन टोले दिले. दोन सफरचंदं पडली आणि एक ती. पाय पोटाशी घेतलेले. कुशीला फिकट पट्टा. शर्लीताईंची पुतणी म्हणा, नात म्हणा, या वर्षी याच मातीतून वर आलेली. मी गुडघे टेकून बसले. घड्याळ काढून हातात घेतलं, तुमच्यासारखं. एक मिनिट झालं. दोन झाली. हलेना. मला एकदम भीती वाटली की मी टोला जोरात मारला. ऊठ गं, म्हटलं. ऊठ ना, सोंग पुरे. तीन मिनिटं. मी चादरीवर कपाळ टेकवलं, तिच्यापासून वीतभर अंतरावर, आणि काय काय बोलले ते लिहीत नाही.

मान वर केली तेव्हा तिने एक पाय सोडला होता. मग दुसरा. मिशी हलवली, आणि काठाकडे चालायला लागली.

मी हातातल्या घड्याळात बघितलं. नऊ वाजले होते. म्हणजे पुण्यात रात्रीचा दीड. मनात आलं, अण्णा झोपले असतील, आत्ता नको उठवायला. रविवार नसला तरी चारला फोन लावू.